काम लेट झालं, नोटीस आली, आता काळ्या यादीत टाकणार का?

पत्र असं आहे, थोडं कमी करून देतेय:

"ताई नमस्कार, मी नाशिक जिल्ह्यात छोटी सरकारी कामं घेतो. एका नगरपरिषदेचं ८४ लाखांचं काँक्रीट रोड आणि गटारीचं काम ई-टेंडरने मिळालं, १७ टक्के बिलो (अंदाजपत्रकी दरापेक्षा कमी) भरलं होतं. वर्क ऑर्डर जूनमध्ये, मुदत ६ महिने, बी-१ फॉर्मवरचं (सरकारी कामांच्या कराराचा छापील नमुना) अ‍ॅग्रीमेंट. पावसाळ्यात काम झालं नाही, नंतर लाइटचे पोल मध्ये, दोन ठिकाणी अतिक्रमण, पहिलं रनिंग बिल अडीच महिने अडकलं. आज काम साधारण ३५ टक्के आहे. आता नोटीस आलीय की काम मुदतीत केलं नाही म्हणून करार रद्द करून अनामत जप्त का करू नये आणि तुम्हाला काळ्या यादीत का टाकू नये, ७ दिवसांत खुलासा द्या. त्यातले ४ दिवस गेले. अजून एक आहे. टेंडरमध्ये बॅचिंग प्लांट (काँक्रीट तयार करायचा) स्वतःचा किंवा भाड्याने असल्याची अट होती, मी साडूच्या प्लांटचं भाडेपत्र जोडलं होतं, पण तो प्लांट त्याने त्याआधीच विकलेला होता. एक जण म्हणतो नोटीस घेतलीच नाही असं दाखव, दुसरा म्हणतो बायकोच्या नावाने नवीन फर्म काढ. दुसऱ्या एका टेंडरला मी एल-वन (सगळ्यात कमी दर भरलेला) आहे, ते सोडून देऊ का? जेल वगैरे होतं का यात? – एक त्रस्त ठेकेदार"

भाऊ, जेलचं तुम्ही सगळ्यात शेवटी विचारलंय, पण पोटातली भीती तीच आहे हे कळतंय, म्हणून आधी तेच. काम लेट होणं, अर्धवट राहणं, टेंडरची अट नंतर पाळता न येणं हा गुन्हा नाही, तो करारभंग आहे, त्यात पैसे जातात, नाव जातं, पण पोलीस येत नाहीत. सुप्रीम कोर्टाने २००० साली हृदय रंजन प्रसाद वर्मा केसमध्ये हे स्पष्ट सांगितलंय की करार मोडला म्हणून फसवणूक होत नाही, सुरुवातीपासूनच फसवायचा इरादा होता हे दिसलं पाहिजे. आता गोची इथे आहे. तुमचा उशीर एका बाजूला आणि ते साडूचं भाडेपत्र दुसऱ्या बाजूला, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि तुम्ही पत्रात त्या एकाच दमात लिहिल्यात. उशीर लढता येतो, तुमच्याकडे बऱ्यापैकी मुद्दे आहेत. भाडेपत्र लढता येत नाही, कारण "सुरुवातीपासून इरादा" म्हणजे काय हे दाखवायला समोरच्याला तोच एक कागद पुरतो. म्हणून माझं सगळं सांगणं एवढंच की उशिराची बाजू नीट, कागदोपत्री मांडा आणि त्या भाडेपत्रावर आता दुसरं खोटं चढवू नका.

आधी उशिराचं बघू. तुम्हाला नाशिकचीच एक जुनी केस सांगते, ही तुमच्या वकिलालाही सांगा. नाशिक डाव्या कालव्यावर आळंदी नदीवरून जलसेतू बांधायचं काम होतं, १९५५ ची वर्क ऑर्डर, तीही जुलैमधली, मुदत १२ महिने. पावसात साइटवर जाताच येईना, रस्ता नाही, कामाचे महिने हातातून गेले, आणि मुदत संपल्यावर सरकारने करार रद्द केला. ही केस हिंद कन्स्ट्रक्शन विरुद्ध महाराष्ट्र राज्य म्हणून १९७९ मध्ये सुप्रीम कोर्टात संपली आणि कोर्टाने ठेकेदाराच्या बाजूने म्हटलं की ज्या बांधकामाच्या करारात मुदतवाढीची सोय आहे आणि उशिराला दंडाची पण सोय आहे, तिथे मुदत म्हणजे कराराचा प्राण असं धरता येत नाही, अ‍ॅग्रीमेंटमध्ये तसे शब्द लिहिलेले असले तरी बाकीची कलमं बघावी लागतात. मग आधी नोटीस देऊन, "आता या तारखेपर्यंत करा, नाहीतर रद्द" असं ठरवून न देता थेट करार मोडणं चुकीचं. तुमचा जून आणि त्यांचा जुलै, फार लांबचं नातं नाहीये हे. बी-१ मध्ये दोन्ही सोयी असतात, मुदतवाढ पण आणि दंड पण.

पण (आणि इथेच आपले बहुतेक ठेकेदार अडकतात) मुदतवाढ मागितली होती का? लेखी? पत्रात तुम्ही पोल, अतिक्रमण, बिल सगळं लिहिलंय, पण एकाही अर्जाची तारीख लिहिली नाहीये, म्हणून शंका येतेय की सगळं तोंडी झालंय, शाखा अभियंता साहेबांना फोनवर सांगितलं, ते म्हणाले बघू, करू, तुम्ही चालू ठेवा. कोर्टात हे "बघू करू" चालत नाही हो. कॉन्ट्रॅक्ट अ‍ॅक्ट १८७२ चं कलम ५५ म्हणतं की मुदत उलटल्यावर समोरच्याने काम स्वीकारलं आणि त्या वेळी नुकसानभरपाईची नोटीस दिली नाही तर नंतर त्या उशिराचे पैसे मागता येत नाहीत, म्हणजे मुदतीनंतरची एमबीतली (मोजमाप पुस्तकातली) नोंद, बिल, साइट व्हिजिटची सही, काहीही असेल तर ते तुमच्या कामाचं आहे. व्हॉट्सअ‍ॅपवर पोलचे फोटो पाठवले असतील, साहेबांनी "ओके" टाकलं असेल, तर ते सुद्धा काढा, मोबाईल बदलू नका, चॅट डिलीट करू नका. अगदीच काही नसेल तर आजच्या तारखेचा मुदतवाढीचा अर्ज करा, कारणं तारखांसकट लिहा. मागची तारीख टाकून नको. आजचीच.

आता पैसे किती जातील ते. बी-१ च्या कलम २ मध्ये उशिराचा दंड दिवसाला अंदाजपत्रकाच्या १ टक्का किंवा अधीक्षक अभियंता ठरवतील तो कमी दर, आणि एकूण १० टक्क्यांच्या वर नाही, असं असतं. नगरपरिषदेच्या छापील प्रतीत अधिकारी वेगळा असू शकतो, तुमची प्रत उघडून बघा. म्हणजे १ टक्का लावला तर दहा दिवसांतच कमाल मर्यादा आली, ८४ लाखांवर ८ लाख ४० हजार. एवढा पूर्ण दंड लावायलाच पाहिजे असं नाही, "कमी दर" हे शब्द तिथे उगाच नाहीत, खुलाशात तो कमी दर मागा. कलम ३ जास्त दुखणारं आहे, त्यात त्यांना करार रद्द करून अनामत जप्त करता येते, उरलेलं काम खात्यामार्फत करून घेता येतं किंवा दुसऱ्या ठेकेदाराला देऊन त्याचा जादा खर्च तुमच्याकडून वसूल करता येतो. तुम्ही १७ टक्के बिलो भरलंय हे विसरू नका. दुसरा माणूस त्याच उरलेल्या कामाला अ‍ॅट पार (अंदाजपत्रकाच्याच दराने) जरी आला तरी मधला सगळा फरक तुमच्या डोक्यावर. मला विचाराल तर ब्लॅकलिस्टच्या खालोखाल हाच धोका मोठा आहे आणि पत्रात त्याचा तुम्ही उल्लेखही केला नाही. म्हणूनच जमत असेल, पैसा उभा राहत असेल तर काम पूर्ण करायची तयारी दाखवणं हे कोर्टकचेरीपेक्षा स्वस्त पडतं, तारखांचा प्रोग्रॅम द्या, पण खरा द्या, पोल हलल्यापासून अमुक दिवस असा.

अनामत जप्तीवर लोक मला नेहमी सांगतात की "ताई ती तर गेलीच". तसं सरळ नाही. १९४७ मध्ये मौला बक्ष नावाच्या ठेकेदाराने युनायटेड प्रोव्हिन्सेसमधल्या लष्कराच्या मुख्यालयाला बटाटे आणि दुसऱ्या करारात कोंबड्या, अंडी, मासे पुरवायचं काम घेतलं होतं, १० हजार आणि साडेआठ हजार अशी अनामत होती. माल वेळेवर पोचेना म्हणून सरकारने करार मोडले आणि दोन्ही अनामती जप्त केल्या. सुप्रीम कोर्टाने १९६९ मध्ये म्हटलं की ही सिक्युरिटी डिपॉझिट आहे, ती जप्त करायची तर कॉन्ट्रॅक्ट अ‍ॅक्टचं कलम ७४ लागतं (ठरलेल्या रकमेपर्यंत वाजवी भरपाईच घेता येते), बटाटे दुसरीकडून काय भावाने घेतले ते सरकार सहज दाखवू शकलं असतं, दाखवलं नाही, मग पैसे परत करा. आता लगेच खूश होऊ नका. २००३ च्या ओएनजीसी विरुद्ध सॉ पाइप्समध्ये कोर्टाने सांगितलं की रक्कम आधीच प्रामाणिक अंदाजाने ठरलेली असेल तर नुकसान रुपयांत सिद्ध करायची गरज नाही, आणि २०१५ च्या कैलाश नाथ विरुद्ध डीडीए (दिल्ली विकास प्राधिकरण) मध्ये म्हटलं की नुकसान सिद्ध करता येण्यासारखं असेल तर करा, करणं अवघड असेल तर ठरलेली वाजवी रक्कम मिळेल. रस्ता सहा महिने उशिरा झाल्याने गावाचं किती रुपयांचं नुकसान झालं हे कोण मोजणार? त्यामुळे तुमच्या बाबतीत सगळी अनामत सुटेल अशी आशा मी दाखवणार नाही, पण दंड पण घ्या, अनामत पण घ्या, वर दुसऱ्याचा जादा खर्च पण घ्या असं एकावर एक चढवलं तर त्याला आडवं जाता येतं. शिवाय १९८७ च्या कर्नाटक राज्य विरुद्ध रामेश्वरा राइस मिल्समध्ये कोर्टाने म्हटलंय की भंग झाला की नाही यावरच वाद असेल तर करारातला एक पक्ष स्वतःच न्यायाधीश बनून नुकसानीचा आकडा ठरवू शकत नाही. म्हणून खुलाशात "भंग मला मान्य नाही, उशीर साइट मोकळी न मिळाल्याने झाला" हे स्पष्ट वाक्य हवं. बरेच जण "साहेब चूक झाली, एक संधी द्या" असं लिहून देतात. लिहू नका ते!

बँक गॅरंटी असेल तर ती वटवणं कोर्टातून थांबवणं फारच अवघड असतं, मोठी फसवणूक किंवा भरून न येणारं नुकसान याशिवाय कोर्ट हात घालत नाही. एफडीआर (मुदत ठेवीची पावती) गहाण असेल तर बँकेला पत्र गेलं की संपलं. त्यामुळे पैसा आधी जातो आणि भांडण नंतर चालतं, हे धरूनच हिशोब करा.

काळी यादी. याची भीती बरोबर आहे, सुप्रीम कोर्टाने याला "सिव्हिल डेथ" म्हटलंय, कारण एका नगरपरिषदेने टाकलं की पुढच्या प्रत्येक टेंडरच्या शपथपत्रात "मी कुठेही काळ्या यादीत नाही" हे लिहिता येत नाही. पण म्हणूनच त्याचे नियमही कडक आहेत. १९७४ च्या इरुशियन इक्विपमेंट केसपासून म्हणणं ऐकून घेतल्याशिवाय टाकता येत नाही. २०१४ च्या गोरखा सिक्युरिटी केसमध्ये ठरलं की नोटिशीतच काळ्या यादीचा इरादा कळला पाहिजे. तुमच्या नोटिशीत ते लिहिलंय, म्हणजे हा मुद्दा तुम्हाला मिळणार नाही, उगाच त्यावर दोन पानं घालवू नका. तुम्हाला मिळतात ते दुसरे. किती वर्षांसाठी टाकणार? कायमचं टाकणं २०१३ मध्ये कुलजा इंडस्ट्रीज केसमध्ये कोर्टाने चालू दिलं नाही, शिक्षा चुकीएवढीच हवी म्हणाले. आणि अगदी ताजा, ऑगस्ट २०२४ चा ब्लू ड्रीम्झ विरुद्ध कोलकाता महापालिका हा निकाल तर तुमच्यासारख्यांसाठीच आहे, होर्डिंगच्या कंत्राटाचा वाद होता, पालिकेने पाच वर्षं बंदी घातली, सुप्रीम कोर्टाने ती उडवली आणि सांगितलं की जिथे प्रामाणिक वाद आहे अशा साध्या करारभंगाला हे हत्यार वापरायचं नाही. पोल, अतिक्रमण, अडकलेलं बिल, हाच तुमचा प्रामाणिक वाद. म्हणजे बघा, सगळं परत त्या कागदांवरच येतं.

आणि आता ते भाडेपत्र.

तुमच्या नोटिशीत त्याबद्दल एक शब्द नाही. म्हणजे त्यांनी पाहिलं नसेल किंवा पाहून ठेवलं असेल. साडूने स्वतः सही केली असेल तर तांत्रिकदृष्ट्या तो "बनावट दस्त" होतो की "खोट्या मजकुराचा दस्त" यावर वकील लोक भांडतील, तुम्ही भांडू नका, कारण १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत फसवणुकीचं कलम ३१८ दोन्हीकडून येऊ शकतं आणि फसवून काम किंवा पैसा मिळवला असं ठरलं तर ७ वर्षांपर्यंतची शिक्षा आहे. होईलच असं म्हणत नाहीये. रस्ता खरोखर ३५ टक्के झालाय, काँक्रीट कुठल्या तरी चालू प्लांटवरूनच आलंय ना, त्याची चलनं असतील, क्यूब टेस्ट (काँक्रीटच्या ताकदीची चाचणी) झाल्या असतील, यावरून सरकारला लुबाडायचा इरादा नव्हता असं म्हणता येतं. ही चलनं आणि टेस्ट रिपोर्ट जपून ठेवा. पण खुलाशात "टेंडरच्या सर्व अटी मी पाळल्या आहेत" असं सवयीने एक वाक्य टाकतात ना, ते टाकू नका. नोटिशीत विचारलंय उशिराचं, उत्तर उशिराचं द्या. साडूकडून आता नवं पत्र आणणं, दुसऱ्या प्लांटवाल्याकडून जुन्या तारखेचा करार करून घेणं, हे सुचवणारे पायलीला पन्नास भेटतील, स्टॅम्पवर विक्रीची तारीख आणि नंबर असतो आणि त्यात तो प्लांटवाला उद्या साक्षीदार म्हणून उभा राहतो. याबद्दल पुढे नोटीस आली किंवा पोलिसांनी बोलावलं तर फौजदारी बघणारा वकील वेगळा गाठा, टेंडरवाला वकील तिथे पुरत नाही. साडूलाही सांगून ठेवा की फोनवर कुणाशी काही बोलू नको, सही त्याची आहे, तो पण यात आहे.

तुम्ही म्हणाल छोटी अट होती, प्लांट कुणाचा याने काय फरक पडतो. कोर्टाने अटींमध्ये मुख्य आणि दुय्यम असा फरक केलाय हे खरं. १९९१ च्या पोद्दार स्टील केसमध्ये वाराणसीच्या डिझेल लोकोमोटिव्ह वर्क्सच्या टेंडरला बयाणा स्टेट बँकेऐवजी युनियन बँकेच्या चेकने भरला होता, कोर्टाने म्हटलं चालतंय, ही दुय्यम अट. याउलट १९७९ मध्ये मुंबई विमानतळावरच्या रेस्टॉरंटच्या टेंडरमध्ये ५ वर्षांच्या अनुभवाची अट होती, ती पूर्ण न करणाऱ्याला काम दिलं, तेव्हा कोर्टाने म्हटलं सरकारने स्वतः घातलेली अट सरकारने पण पाळली पाहिजे. पण तो फरक अट चुकली तर कामाला येतो. अट पूर्ण केली असा कागद जोडून ती पूर्ण नसेल, तर अट छोटी की मोठी हे कोणी विचारत नाही.

नोटीस घेतलीच नाही असं दाखवायचा सल्ला ज्याने दिला त्याला चहा पाजू नका पुढच्या वेळी. बरोबर पत्त्यावर रजिस्टरने गेलेली नोटीस परत आली तरी ती पोचली असंच धरतात, ईमेल असतो तो वेगळा, आणि तुम्ही गप्प बसलात की "संधी देऊनही खुलासा नाही" असा शेरा मारून एकतर्फी ऑर्डर निघते, मग म्हणणं ऐकलं नाही हा मुद्दा तुम्हीच घालवलेला असतो. आणि वहिनींच्या नावाने फर्म तर नकोच. हल्लीच्या बऱ्याच टेंडरांत भागीदार, मालक, संलग्न फर्म यांचं सगळं शपथपत्रावर मागतात, तोच पत्ता, तोच मोबाईल, तीच मशिनरी, कुणाच्याही लक्षात येतं, आणि आज जे प्रकरण दिवाणी आहे त्यात वहिनींची खोटी शपथ घुसते. घरातल्या माणसाला यात ओढू नका.

दुसऱ्या टेंडरचं: एल-वन असताना, ऑफरची वैधता चालू असताना माघार घेतलीत तर बयाणा गेला समजा. २००३ मध्ये हायवे ऑथॉरिटी विरुद्ध गंगा एंटरप्रायझेसमध्ये कोर्टाने तो जप्त करणं योग्य ठरवलंय, तिथे नुकसान दाखवा वगैरे मौला बक्षचा मुद्दा चालत नाही कारण करार अजून झालेलाच नसतो. काही टेंडरांत माघारीवर ठरावीक काळ बंदीही असते, अटी वाचा. वैधता कधी संपते ती तारीख बघा, संपत आली असेल आणि त्यांनी वाढवून मागितली तर वाढवायला नकार देता येतो का आणि बयाणा परत मिळतो का ते त्याच अटींमध्ये लिहिलेलं असतं. वैधता भरपूर शिल्लक असेल तर मी बयाणा सोडेन, कारण एक काम अडकलेलं असताना दुसरं अंगावर घेऊन तेही अर्धं राहिलं तर "प्रामाणिक वाद" कुणी ऐकणार नाही. पण प्लांटची तीच अट आणि तेच भाडेपत्र तिथेही जोडलं असेल तर मात्र विचारायचं कारणच नाही, बयाणा गेला तर गेला.

हायकोर्टात आत्ताच जायची घाई नको, नुसत्या नोटिशीवर गेलात तर साधारणपणे आधी खुलासा द्या असंच सांगून परत पाठवतात. ऑर्डर निघाली की काळ्या यादीच्या भागावर रिट (सरकारी निर्णयाविरुद्ध हायकोर्टातली याचिका) करता येते, नाशिककरांना त्यासाठी मुंबई (कोल्हापूर, सांगली, साताऱ्याकडच्या वाचकांना ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे, तेवढा एसटीचा प्रवास वाचला). पैशाच्या वादाला रिट शक्यतो घेत नाहीत, तो दावा वेगळा, त्याआधी द्यायच्या नोटिशीचे आणि मुदतीचे नियम नगरपरिषदेसाठी वेगळे असतात, ते वकिलाकडून पहिल्याच भेटीत विचारून घ्या.

तीन दिवस उरलेत. उद्या कचेरी उघडल्या उघडल्या कागदपत्रांच्या प्रती मागणारा आणि खुलाशाला १५ दिवस वाढवून मागणारा अर्ज इनवर्डला द्या, पोच घ्या, पोचीवर शिक्का आणि तारीख नीट उमटलीय का ते तिथेच उभं राहून बघा. वाढवून मिळेल असं धरून बसू नका, छोटा खुलासा तयार ठेवा आणि सातव्या दिवशी तोही द्या, "सविस्तर खुलासा प्रती मिळाल्यावर देतो" असं खाली लिहून. त्यासोबत साइटची संयुक्त पाहणी मागा, पोल आणि अतिक्रमण अजून तिथेच असेल तर ते त्यांच्याच पंचनाम्यात येऊ द्या, आणि आतापर्यंतच्या ३५ टक्क्यांची मोजमापं एमबीत चढवून त्यावर सही घ्या, उद्या दुसऱ्याला काम दिलं तर तुमचं कुठे संपलं आणि त्याचं कुठे सुरू झालं हे ठरवायला दुसरा कागद नसतो.